बूस्टर परत आणणे परवडते ते कशामुळे?

नांदेडला मेकॅनिकलच्या तिसऱ्या वर्षात शिकणाऱ्या सदस्याचे प्रश्न थोडक्यात असे आहेत: परत येण्यासाठी बूस्टरमध्ये, म्हणजे रॉकेटच्या पहिल्या टप्प्यात, इंधन राखून ठेवणे म्हणजे तेवढे उपग्रहाचे वजन गमावणे नव्हे का, त्यापेक्षा पॅराशूट लावून तो समुद्रात उतरवणे स्वस्त पडले नसते का, हे इतके फायद्याचे असेल, तर इस्रो आपले बूस्टर आजही बंगालच्या उपसागरात का सोडून देते, आणि सेमिनारसाठी यातला कोणता भाग घ्यावा. माझी नोकरी वाळूजच्या कारखान्यांत यंत्रांच्या देखभालीत गेली आणि रॉकेटशी माझे नाते वाचकाचे आहे, त्यामुळे या उत्तराचा कल देखभालीकडे राहील, हे आधीच सांगून ठेवतो. कक्षेत उपग्रह सोडणाऱ्या रॉकेटचा बूस्टर उतरवता येतो की नाही, हा वाद डिसेंबर २०१५ मध्ये मिटला. तो परवडतो की नाही, हे मात्र उतरवण्याच्या कौशल्यावर ठरत नाही. दोन उड्डाणांच्या मध्ये त्याच्यावर किती काम करावे लागते आणि वर्षभरात त्याला किती उड्डाणे मिळतात, यावर ठरते.

आधी एक गल्लत दूर करू. २ एप्रिल २०२२ रोजी, गुढीपाडव्याच्या संध्याकाळी, महाराष्ट्राच्या बऱ्याच भागांतून आकाशात जळत जाणारे तुकडे दिसले आणि चंद्रपूर जिल्ह्यातल्या सिंदेवाही तालुक्यात धातूची मोठी कडी येऊन पडली. तेव्हापासून ‘रॉकेट परत येते’ म्हटले की आपल्याकडे अनेकांना तेच आठवते. ती कडी बूस्टरची नव्हती. चिनी लाँग मार्च रॉकेटच्या, कक्षेत जाऊन पोहोचलेल्या वरच्या टप्प्याची ती असल्याचे अभ्यासकांनी सांगितले. पृथ्वीजवळच्या कक्षेत वस्तूचा वेग सेकंदाला सुमारे ७.८ किलोमीटर असतो. अमेरिकेच्या स्पेसएक्स कंपनीच्या फाल्कन ९ या रॉकेटचा पहिला टप्पा ६५ ते ७० किलोमीटर उंचीवर वेगळा होतो, तेव्हा त्याचा वेग सेकंदाला दोन-सव्वादोन किलोमीटर असतो. गतिज ऊर्जा वेगाच्या वर्गाप्रमाणे वाढते, हे लक्षात घेतले तर पहिल्या टप्प्याला दर किलोमागे जिरवावी लागणारी ऊर्जा वरच्या टप्प्याच्या साधारण बाराव्या ते पंधराव्या हिश्श्याइतकीच भरते. म्हणूनच पहिला टप्पा परत आणणे जमले आणि फाल्कनचा दुसरा टप्पा आजही प्रत्येक उड्डाणात नवा लागतो.

आता इंधनाचा मुद्दा. फाल्कन ९ च्या पहिल्या टप्प्यात अतिशुद्ध रॉकेल आणि द्रव ऑक्सिजन मिळून सुमारे ४०० टन भरलेले असते. रिकाम्या टप्प्याचे वजन २५ टनांच्या आसपास आहे. समजा, वेगळे होताना त्यात ३० टन शिल्लक ठेवले. वर जाताना हेच ३० टन वापरले असते, तर त्यांना रिकाम्या टप्प्याबरोबर वरच्या टप्प्याचे आणि उपग्रहाचे शंभराहून अधिक टनही ढकलावे लागले असते. वेगळे झाल्यावर मात्र समोर उरते ते २५ टनांचे पोकळ नळकांडे. इंजिनाच्या झोताचा वेग सेकंदाला तीन किलोमीटर धरून वजनांच्या गुणोत्तरावरून वेगातला बदल सांगणाऱ्या त्सिओल्कोव्हस्कीच्या सूत्रात ५५ भागिले २५ हे गुणोत्तर घाला. त्याचा नैसर्गिक लॉगरिदम ०.७९ येतो आणि वेगात सेकंदाला जवळजवळ २.४ किलोमीटर इतका बदल करता येतो. ३० टन हा आकडा मी समजण्यापुरता घेतला आहे, प्रत्येक उड्डाणात तो बदलतो. पण चारशेपैकी सात-आठ टक्के इंधनात एवढे साधते, हे पाहिले की परतीचा प्रवास वाटतो तितका उधळपट्टीचा नाही, हे पटते.

तरीही तुमची शंका निराधार नाही. बूस्टर सोडून द्यायचा ठरवला तर फाल्कन ९ पृथ्वीजवळच्या कक्षेत २२.८ टन नेऊ शकते. समुद्रातल्या तराफ्यावर उतरवायचा असेल तर साडेसतरा टनांच्या आसपास. भूस्थिर कक्षेकडे जाणाऱ्या उपग्रहांसाठी हेच आकडे ८.३ आणि ५.५ टन असे आहेत. बूस्टर किनाऱ्यावर परत आणायचा तर आधीची आडवी गती मोडून उलटे यावे लागते आणि घट आणखी वाढते. परंतु बहुतेक उपग्रह रॉकेटची कमाल क्षमता वापरतच नाहीत. जी क्षमता एरवी रिकामी गेली असती, तीच परतीसाठी वापरली जाते. शिवाय पहिल्या टप्प्यावर एक किलो वाढवला तर उपग्रहाचे वजन किलोच्या काही अंशानेच घटते, तर वरच्या टप्प्यावर वाढवलेला प्रत्येक किलो उपग्रहातून थेट वजा होतो. पाय, पंख, उष्णतारोधक कवच हे सगळे वरच्या टप्प्याला लावणे किती महाग पडते, हे स्पेसएक्सच्याच स्टारशिप या मोठ्या रॉकेटच्या चाचण्यांत दिसतेच आहे.

उतरण्याची क्रिया मात्र सावकाश समजून घेण्यासारखी आहे. वेगळा झालेला बूस्टर नायट्रोजन वायूच्या लहान झोतांनी स्वतःला फिरवतो, काही काळ शंभर किलोमीटरच्याही वर जातो आणि दाट हवेत शिरण्यापूर्वी नऊपैकी तीन इंजिने पुन्हा पेटवतो. या पेटवणीने वेग तर कमी होतोच, शिवाय पुढे ढकललेला झोत बुडाकडच्या भागाला तापलेल्या हवेपासून काही प्रमाणात वाचवतो. त्यानंतर वेग मोडण्याचे बहुतांश काम हवा फुकट करते. दिशा देण्यासाठी वरच्या टोकाला जाळीदार चार पंख असतात. सुरुवातीचे ॲल्युमिनियमचे पंख उष्णतेने झिजत आणि जळत, म्हणून २०१७ पासून ते टायटॅनियमचे आले. शेवटी एक मर्लिन इंजिन पेटते. समुद्रसपाटीला त्याचा जोर सुमारे ८६ टन असतो. तो निम्म्यावर आणला तरी २५ टनांच्या टप्प्याला वर उचलायला पुरेसा ठरतो. त्यामुळे बूस्टर हवेत थांबून जागा चाचपू शकत नाही. वेग शून्य होण्याचा क्षण आणि पाय टेकण्याचा क्षण एकच असावा लागतो. आधी झाले तर तो पुन्हा वर चढू लागेल, नंतर झाले तर आदळेल.

यात अपयशाची कारणेही बहुधा किरकोळ वाटणाऱ्या भागांत सापडतात. फेब्रुवारी २०१८ मध्ये तीन बूस्टर शेजारी जोडलेल्या फाल्कन हेवीचा मधला बूस्टर समुद्रात आदळला, कारण इंजिन पेटवणारे रसायन संपले आणि तीनपैकी दोन इंजिने पेटलीच नाहीत. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये जाळीदार पंखांचा हायड्रॉलिक पंप अडकला आणि बूस्टर गिरक्या घेत किनाऱ्याजवळच्या पाण्यात उतरला. २०२३ च्या डिसेंबरमध्ये एकोणिसावे उड्डाण करून सुखरूप उतरलेला बूस्टर परतीच्या वाटेवर खवळलेल्या समुद्रात तराफ्यावरच उलथला. कारखान्यात काम केलेल्या कोणालाही हे ओळखीचे वाटेल: मोठा गिअरबॉक्स क्वचितच दगा देतो, दोनशे रुपयांचे सील देते.

पॅराशूटचा पर्याय स्पेसएक्सने सोडला, तोही अनुभवानंतरच. फाल्कन ९ च्या पहिल्या उड्डाणांत पॅराशूट होते. ते उघडण्याआधीच टप्पे हवेच्या माऱ्याने मोडले. पातळ ॲल्युमिनियम मिश्रधातूची टाकी रिकामी झाल्यावर त्या आघातापुढे टिकत नाही, म्हणून इंजिन पेटवून आधी वेग कमी करावाच लागतो. आणि एकदा इंजिन पेटवायचेच, तर खाऱ्या पाण्यात कशाला उतरायचे? नासाच्या स्पेस शटल या यानाचे घन इंधनाचे बूस्टर पॅराशूटने उतरत, हे खरे आहे. पण ते जाड पोलादी नळकांडे होते, ताशी सुमारे ८० किलोमीटर वेगाने समुद्रावर आदळणे त्यांना सोसत असे. जहाजे ते ओढून आणत, मग सुटे करून भाग रेल्वेने युटा राज्यात जात आणि तिथे स्वच्छता, तपासणी होऊन इंधन पुन्हा भरले जाई. एवढे करून नवे बनवण्याच्या तुलनेत बचत किती झाली, यावर शेवटपर्यंत मतभेद राहिले.

शटलचे उदाहरण मला या संपूर्ण विषयात सर्वांत बोधक वाटते. यान परत येत होते, पुन्हा उडतही होते. १९८१ ते २०११ या काळात १३५ उड्डाणे झाली. परंतु प्रत्येक फेरीनंतर सुमारे २४,००० उष्णतारोधक फरशा तपासायच्या, मुख्य इंजिने बाहेर काढून पाहायची, अशी कामे असत. एकाच यानाच्या दोन उड्डाणांमधले सर्वांत कमी अंतर १९८५ मध्ये ५४ दिवसांचे होते आणि एका वर्षात नऊपेक्षा अधिक उड्डाणे कधीच झाली नाहीत. हजारो माणसांचा पगार नऊ उड्डाणांवर वाटला की प्रत्येक उड्डाण महागच होणार. आपल्या एसटीच्या चिकलठाणा कार्यशाळेत जुन्या चासीवर नवी बांधणी करणे परवडते, कारण ती गाडी बाहेर पडल्यावर रोज शेकडो किलोमीटर धावते. वर्षातून चारदा धावणाऱ्या गाडीसाठी ती कार्यशाळा कोणी चालवणार नाही.

फाल्कनमध्ये हे गणित बदलले ते टप्प्याटप्प्याने. मार्च २०१७ मध्ये पहिल्यांदा वापरलेला बूस्टर पुन्हा उडाला, तेव्हा तो आधीच्या उड्डाणाला जवळजवळ वर्ष उलटल्यावर उडाला होता. रॉकेल जळताना काजळी धरते आणि ती इंजिनाच्या आत साचते. टर्बाइनच्या चाकांना तडे जात असल्याची चिंता अमेरिकी सरकारी तपासनिसांनी २०१७ मध्ये मांडली होती. मे २०१८ मध्ये आलेल्या ‘ब्लॉक ५’ या आवृत्तीत इंजिन, पाय आणि उष्णतारोधक भाग वारंवार वापरासाठी सुधारले गेले. मग कंपनीने एक धूर्त मार्ग धरला. सर्वाधिक वापरलेल्या बूस्टरांवर तिने मुख्यतः इंटरनेट पुरवणारे स्वतःचे स्टारलिंक उपग्रह चढवले; धोका स्वतःच्या मालावर घेतला आणि झिजेची माहिती पदरात पाडली. मे २०२१ मध्ये एका बूस्टरने दहावे उड्डाण केले, २०२५ मध्ये तिसावे. त्याच वर्षी एक बूस्टर नऊ दिवसांत पुन्हा उडाला. दर वेळी सगळे खोलून पाहण्याऐवजी कोणता भाग कधी खोलायचा, हे अनुभवाच्या नोंदींवरून ठरू लागले, आणि माझ्या मते हे उतरण्याच्या चित्रफितींपेक्षा मोठे यश आहे.

पैशांबद्दल परस्परविरोधी दावे आढळतील. इलॉन मस्क यांनी २०२० मध्ये सांगितले होते की दोन उड्डाणांत खर्च भरून निघतो आणि तिसऱ्यापासून फायदा होतो. प्रतिस्पर्धी यूएलए कंपनीचे तेव्हाचे प्रमुख टोरी ब्रूनो यांचे म्हणणे होते की ताफ्याची सरासरी दहा उड्डाणांपर्यंत जावी लागते. दोघेही आपापल्या कारखान्याच्या बाजूने बोलत होते, हे धरूनच चालावे. बूस्टर कमी बनवले म्हणून कारखान्याचे भाडे, यंत्रसामग्री आणि कुशल माणसे यांचा खर्च त्या प्रमाणात घटत नाही, आणि हा स्थिर खर्च कोणी कसा मोजला यावर आकडा दोनचा दहा होतो. ग्राहकाला मिळालेला लाभही जपून मोजावा. फाल्कन ९ चा जाहीर दर २०१६ च्या सुमारास ६.२ कोटी डॉलर होता, २०२२ मध्ये तो ६.७ कोटी झाला. वाचलेला पैसा मुख्यतः कंपनीकडे राहिला आणि स्टारलिंकमध्ये गेला. २०२४ मध्ये फाल्कन श्रेणीची १३४ उड्डाणे झाली, त्यांपैकी निम्म्याहून अधिक स्टारलिंकची होती. एवढी मागणी स्वतःच निर्माण केली नसती, तर बूस्टर उतरूनही शेडमध्ये उभे राहिले असते.

इस्रोच्या प्रश्नाचे उत्तर यातच आहे. आपली उड्डाणे आजवर वर्षाला दहाच्या आतच राहिली. दहा वेळा उडणारा बूस्टर बनवला असता, तर वर्षाला एक बूस्टर पुरला असता आणि तो बनवणाऱ्या हातांना काम राहिले नसते. शिवाय एलव्हीएम-३ या इस्रोच्या सर्वांत मोठ्या रॉकेटचे एस-२०० बूस्टर घन इंधनाचे आहेत. ते एकदा पेटले की विझवता येत नाहीत, त्यामुळे इंजिनाच्या जोरावर उतरवण्याचा प्रश्नच येत नाही. त्या परिस्थितीत टाकून देणे हा आळस नव्हता, हिशेब होता. आता परिस्थिती बदलते आहे. ४,७०० किलोंचा आपला जीसॅट-एन२ हा दळणवळण उपग्रह त्या वेळच्या एलव्हीएम-३ ला झेपणारा नव्हता, म्हणून नोव्हेंबर २०२४ मध्ये तो फाल्कन ९ वरून, आधी अनेकदा उडालेल्या बूस्टरच्या जोरावर गेला. त्याआधी सप्टेंबरमध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने पुनर्वापरयोग्य पहिला टप्पा असलेल्या, ३० टन क्षमतेच्या नव्या प्रक्षेपकासाठी ८,२४० कोटी रुपये मंजूर केले होते. चित्रदुर्गजवळ चळ्ळकेरे येथे २०२३ आणि २०२४ मध्ये हेलिकॉप्टरमधून सोडून धावपट्टीवर उतरवलेले पुष्पक हे पंखांचे यान आहे. तो वेगळा मार्ग आहे, बूस्टरच्या उभ्या उतरण्याशी त्याची सरमिसळ करू नका.

सेमिनारसाठी उतरण्याचे नियंत्रण घेऊ नका, असे मी सुचवेन. त्यावर सादरीकरणे खूप होतात आणि ती बहुधा चित्रफितींवरच संपतात. इंजिनात इंधन ढकलणाऱ्या टर्बोपंपाच्या पात्यांवर पडणारा, थोड्याच फेऱ्यांत तडे आणणारा उष्णतेचा ताण हा विषय घ्या. प्रत्येक पेटवणीत पाते काही क्षणांत तापते आणि बंद होताना तितक्याच झपाट्याने निवते. एका उड्डाणात मधल्या इंजिनाच्या वाट्याला अशी तीन-चार आवर्तने येतात, तर कडेच्या आठपैकी सहा इंजिनांना एकच. नऊ इंजिनांची झीज त्यामुळे सारखी नसते. कोणते इंजिन कधी बदलायचे, याचे वेळापत्रक तुम्हाला स्वतः मांडून पाहता येईल आणि त्यासाठी लागणारे, किती आवर्तनांत तडा जाईल हे सांगणारे कॉफिन-मॅन्सनचे सूत्र तुमच्या मशीन डिझाइनच्या पाठ्यपुस्तकांत सापडेल. मिथेनवर चालणारी इंजिने काजळी फार कमी धरतात, म्हणून ब्लू ओरिजिन कंपनीच्या न्यू ग्लेन रॉकेटचा पहिला टप्पा आणि स्टारशिप या दोन्हींसाठी मिथेन निवडले गेले; पण तापणे-निवणे त्यांनाही चुकलेले नाही, तेव्हा तुलनेसाठी एक तक्ता त्यांचाही जोडा.