पहिल्या शॉर्टफिल्मला एक स्वयंपाकघर पुरे

तुझ्या पहिल्या शॉर्टफिल्मची स्क्रिप्ट वाचली. जीव आहे. पण नवरा-बायकोचं भांडण चार पानं चाललंय, त्यातली तीन काढून टाक. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी सांगलीत नाटक उभं केलं, तेव्हापासून आपल्याला शेवटच्या रांगेपर्यंत बोलायची सवय. कॅमेरा मात्र हातभरावर असतो. तिनं न बोलता ताटात भाकरी जरा जोरात टाकली, त्यानं मान वर केली नाही, की कळतं सगळं.

सध्या एवढंच बघ:
- शूटिंगआधी फ्रिज बंद. त्याची घरघर प्रत्येक शांततेत शिरते. (माझी पहिली फिल्म त्यातच गेली. दुसऱ्या वेळी बंद केला, तर चालू करायचा विसरलो, दूध नासलं.)
- ट्यूबलाइटखाली कॅमेऱ्याचा शटर स्पीड (प्रत्येक फ्रेमला प्रकाश आत घ्यायचा वेळ) १/५० सेकंद ठेव, नाहीतर चित्रात पट्टे फिरतात.
- पार्श्वसंगीत नको.

लेन्सचं नंतर बोलू. आधी विश्रामबागेतल्या मावशीकडून स्वयंपाकघर दोन दिवस मागून घे.