परत जायचं की राहायचं, हे नोव्हेंबरात ठरवू नका

"दहा-बारा वर्षं झाली परदेशात. इथलं काही आपलं वाटत नाही, आणि तिकडे गेलं की आठ दिवसांत इकडची आठवण यायला लागते. आता परतच जावं का?" हा प्रश्न आम्हा समुपदेशकांकडे मराठीत येतो, गुजरातीत येतो, पंजाबीत येतो, आणि सगळ्यात जास्त नोव्हेंबरात येतो. खालची केस टोरांटोला लागून असलेल्या मिसिसॉगा शहरातल्या एका पाकिस्तानी गृहस्थांची आहे. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. नावाऐवजी आपल्या पद्धतीने त्यांना लाहोरकर म्हणू. गाव आडनावात घेऊन फिरणं म्हणजे काय, हे मराठी वाचकाला वेगळं सांगायला नको.

लाहोरकर ४४ वर्षांचे, लाहोरच्या इंजिनिअरिंग विद्यापीठातून झालेले सिव्हिल इंजिनिअर. २०१३ मध्ये बायको आणि तीन वर्षांच्या मुलीला घेऊन पीआरवर, म्हणजे कायम वास्तव्याच्या परवान्यावर आले. मुलगा इथेच झाला. पहिली सहा वर्षं बेसमेंटमध्ये काढली, जिथल्या खिडकीतून शेजाऱ्याच्या गाडीची चाकं तेवढी दिसायची. पिअर्सन विमानतळावर टॅक्सी चालवतात. आता नागरिकत्व आहे, कर्जावर घेतलेलं छोटं घर आहे. व्याजाचं कर्ज काढलं याची बोचही आहे.

ते आले ते 'ओळख' वगैरे शब्द घेऊन आले नव्हते. छातीत धडधड, मान जड, पहाटे तीनला जाग. फॅमिली डॉक्टरने ईसीजी, थायरॉइड, साखर सगळं तपासलं. ड जीवनसत्त्व कमी होतं, त्याच्या गोळ्या दिल्या, आणि धडधड तशीच राहिली तेव्हा आमच्याकडे पाठवलं. आपल्या उपखंडातली माणसं दुःख बहुतेक वेळा शरीराच्या भाषेत सांगतात. इंग्रजीत 'कसं वाटतंय' विचारलं की उत्तर 'फाइन'. उर्दूत 'दिल कैसा है?' विचारलं की उत्तर 'घबराता है, डॉक्टर साहिब'. म्हणून सत्रं हिंदी-उर्दूत घेतली, आणि राग आला की त्यांना पंजाबीत जाऊ दिलं.

पीएचक्यू-९ ही नैराश्याची प्रश्नावली पहिल्याच दिवशी भरून घेतली. नऊ प्रश्न, प्रत्येकाला शून्य ते तीन गुण, एकूण २७. दहा ते चौदा आले की मध्यम नैराश्य धरतात. त्यांचे आले १४. नववा प्रश्न जिवाचं बरंवाईट करण्याचा. तो मुस्लीम अशिलाला थेट विचारला की 'तौबा, वो तो हराम है' म्हणून दार बंद होतं आणि समुपदेशक सुटकेचा श्वास टाकतो. तसं करू नये. "सकाळी जागच आली नाही तर बरं, असं वाटतं का?" असंही विचारावं. लाहोरकर म्हणाले, कधी कधी वाटतं, पण काही करणार नाही. मग कोणाला फोन करायचा ते ठरवून ९८८ हा कॅनडाचा चोवीस तास चालणारा मदतीचा क्रमांक त्यांच्या आणि पत्नीच्याही फोनमध्ये टाकला.

परत जायचं का, हा प्रश्न त्यांनी पहिल्या पंधरा मिनिटांतच टाकला होता. आम्ही तो ३० जूनपर्यंत बाजूला ठेवला, तारीख लिहून. आमच्या ओंटारिओ प्रांतात नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी घड्याळं एक तास मागे जातात, पावणेपाचला अंधार पडतो, टॅक्सीवाल्याचा अर्धा दिवस काळोखात जातो. झोप नाही, ऊन नाही, अशा माणसाने देश बदलण्याचा निर्णय घेऊ नये. 'कधी तरी बघू' म्हटलं असतं तर प्रश्न रोज पहाटे तीनला उठून बसला असता. तारीख दिली की तो थोडा थांबतो.

मग सात दिवसांची वही दिली. तीन रकाने: वेळ, काय केलं, आणि त्या वेळी मनात कोण बघत होतं. तिसरा रकाना लोकांना विचित्र वाटतो, पण उपयोग त्याचाच होतो. लाहोरकरांच्या वहीत दोन गोष्टी निघाल्या. रोज सकाळी अकरा ते दुपारी एक, विमानतळाच्या रांगेत गाडी उभी असताना, ते लाहोरच्या रात्री नऊच्या राजकीय चर्चा बघत होते. हिवाळ्यात अंतर बरोबर दहा तासांचं. आणि तिसऱ्या रकान्यात अठरा वेळा 'अब्बा' लिहिलेलं होतं. अब्बा मे २०२१ मध्ये गेले.

त्या एप्रिलमध्ये कॅनडाने भारत आणि पाकिस्तानातून येणारी प्रवासी विमानं बंद केली होती. इथल्या कितीतरी मराठी घरांनी तेव्हा आई-बापाचे अंत्यविधी फोनवर पाहिले. लाहोरकरांनी जनाज़ा असाच पाहिला, टॅक्सीत बसून, मध्येच नेटवर्क गेलं. दुसऱ्या दिवशी कामावर. इथे सांत्वनाला घरी कोणी आलं नाही, कारण त्यांनी कोणाला सांगितलंच नव्हतं. अमेरिकेच्या कुटुंब-समुपदेशक पॉलीन बॉस यांनी अशा धड न संपलेल्या नुकसानाला 'अ‍ॅम्बिग्युअस लॉस' असं नाव दिलं आहे. मराठीत त्याला 'अधांतरी वियोग' म्हणता येईल. माणूस गेल्याचं कळतं, पण त्याला पोचवलेलं नसतं. उपाय साधा होता, फक्त साडेतीन वर्षं उशिरा झाला. एका रविवारी सहा ओळखीच्यांना घरी बोलावलं, कुराणख़्वानी, म्हणजे सगळ्यांनी मिळून कुराणाचं पठण केलं, पुलाव केला. बोलावताना कारण स्पष्ट सांगायचं, ही आमची एकच अट. त्यांतल्या दोघांनी आपापल्या बापाची अशीच गोष्ट तिथे सांगितली. त्या आठवड्यात पहाटेची जाग दोनच दिवस आली.

आता अवघड गाठ. लाहोरमध्ये सगळ्यांना माहीत होतं की साहेब 'कंपनीत इंजिनिअर' आहेत. २०१४ मध्ये वडिलांना एकदा तसं सांगितलं, मग ते सांभाळत गेलं. व्हिडिओ कॉल गाडीतून करायचा नाही, ऑफिसचा फोटो मागितला तर विषय बदलायचा, दर महिन्याला पाठवायची रक्कम कंपनीतल्या माणसाला शोभेल अशी ठेवायची. वहीप्रमाणे या सांभाळण्यात आठवड्याचे पाच-सहा तास जात होते. धडधडीच्या वेळा आणि घरच्या कॉलच्या वेळा एकमेकींवर ठेवून पाहिल्या तर जवळपास जुळल्या. लोक याला 'दुभंगलेली ओळख' म्हणतात. आमच्या मते यातला निम्मा भाग लपवाछपवीचा असतो, आणि तो संस्कृतीच्या नावावर खपून जातो.

खरं सांगायचं ठरलं की माणसं एकदम सगळ्यांना सांगून मोकळी होऊ बघतात. फॅमिली ग्रुपवर, ईदच्या दिवशी, किंवा थेट आईला. तिन्ही चुकतात. एकच माणूस निवडावा, तो एकटा असेल अशी वेळ बघावी, आणि तीन वाक्यं पाठ करावीत: काय खोटं होतं, खरं काय आहे, आता तुझ्याकडून काय हवंय. माफीचं भाषण नको, कॅनडाला शिव्याही नकोत. लाहोरकरांनी धाकटा भाऊ निवडला. जुम्म्याच्या नमाज़ानंतर तो दुकानात एकटा असतो. सत्रात चार वेळा सराव केला. तरी गणित चुकलंच. भाऊ ओरडला, "मग मला इथलं विकून ये, ये, असं का म्हणत होतात?" त्याने एजंटाकडे पैसे भरले होते. मोठ्या भावाच्या खोट्या कॅनडावर त्याची फाइल उभी होती. तीन आठवडे तो बोलला नाही. हे आम्ही आधी ओळखायला हवं होतं. अशा वेळी 'या गोष्टीवर आणखी कोणी काही बांधलंय का?' हा प्रश्न सरावाच्या आधी विचारायचा, हे आता आमच्या टिपणात आहे.

नोकरीचं दुःख वेगळं काढावं लागलं. ते एका अंगठीवर येऊन थांबायचं. कॅनडात शिकलेले बहुतेक इंजिनिअर ज्या हाताने लिहितात त्याच्या करंगळीत लोखंडी किंवा स्टीलची साधी अंगठी घालतात. मागच्या सीटवरचा प्रवासी फोन काढायचा, अंगठी काचेवर टिक वाजायची, आणि लाहोरकरांचा दिवस तिथेच मोडायचा. हा विधी १९२५ पासून चालतो आणि त्यातली मूळ शपथ रुडयार्ड किपलिंगने लिहिली. मुंबईत जन्मलेला, लाहोरच्या वर्तमानपत्रात उमेदवारी केलेला माणूस. हे लाहोरकरांनीच शोधून आणलं. "आमच्या शहराचा पगार खाल्लेल्याची शपथ, आणि अंगठी मला नाही!" ते हसले, पहिल्यांदाच.

अंगठी म्हणजे परवाना नव्हे, हे त्यांना माहीत होतं. ओंटारिओत परवान्यासाठी ४८ महिन्यांचा अनुभव लागतो, आणि त्यातले १२ महिने कॅनडातलेच हवेत अशी अट होती. अनुभव नाही म्हणून नोकरी नाही, नोकरी नाही म्हणून अनुभव नाही. २०१५ मध्ये त्यांनी तो नाद सोडला. २०२३ मध्ये ती अट निघाली, पण रागाने त्यांनी परवाना देणाऱ्या संस्थेची वेबसाइट २०१५ पासून उघडलीच नव्हती. आम्ही नोकरीचा सल्ला देत नाही, मात्र कोणतं दार उघडं आहे एवढं ठाऊक ठेवतो. रोजगार केंद्रात पाठवताना एक अडचण आली, ती सगळ्यांनाच येते: केंद्र सरकारच्या पैशांवर चालणाऱ्या नवागतांच्या सेवा नागरिक झालं की बंद होतात. प्रांताच्या अनुदानावरचं केंद्र शोधावं लागलं.

परवान्याचा अर्ज त्यांनी नंतरसाठी ठेवला. आधी काँक्रीट तपासणाऱ्या प्रयोगशाळेत साइटवरच्या टेक्निशियनचं काम धरलं. पहिल्याच दिवशी हातात स्लम्प कोन आला. ३०० मिलिमीटर उंचीचा पत्र्याचा शंकू, तीन थरांत भरायचा, प्रत्येक थराला सळईने २५ ठोसे, मग शंकू सरळ वर उचलायचा आणि काँक्रीट किती बसलं ते मोजायचं. ठोसे मोजताना तोंडात उर्दू आकडे आले. लाहोरच्या प्रयोगशाळेत, वीस वर्षांपूर्वी, हाच शंकू आणि हेच पंचवीस. सत्रात त्यांनी टेबलावर पेनाने ते ठोसे मारून दाखवले. पगार टॅक्सीच्या चांगल्या आठवड्यापेक्षा कमीच आहे. शनिवार-रविवार गाडी अजून चालू आहे.

'मी नक्की कोण?' या प्रश्नाला आम्ही एक उत्तर शोधत नाही. कॅनडाचेच मानसशास्त्रज्ञ जॉन बेरी यांनी स्थलांतरिताचे चार मार्ग सांगितले: दोन्ही धरायचं, जुनं सोडून नवं घ्यायचं, नवं नाकारून जुनं धरायचं, किंवा दोन्ही हातचं घालवायचं. माणूस अख्खाच्या अख्खा एका खणात बसतो असं समजलं की गोंधळ होतो. म्हणून एक कागद घेऊन भाषा, जेवण, काम, धर्म, मित्र, मुलं अशा सहा ओळी काढल्या आणि प्रत्येकीपुढे सध्याचा मार्ग लिहिला. जेवण आणि धर्मात त्यांना काहीच त्रास नव्हता. त्रास काम आणि मित्र या दोनच ओळींत होता, तिथे दोन्ही हातचं गेलं होतं. मुलीचं "मी पाकिस्तानची नाही, तुम्ही आहात" हे वाक्य त्यांना लागलं होतं, पण चौदाव्या वर्षी मुली असं बोलतातच. उर्दूची सक्ती थांबवली, आठवड्यातून एकदा दोघांनी मिळून स्वयंपाक करायचा एवढं ठेवलं.

मग परतीची परीक्षा. त्याआधी विचारलं, परत जायचंय ते कोणत्या सालच्या लाहोरला? त्यांनी वर्णन केलं ते बसंतचं, तिथल्या वसंतातल्या पतंगांच्या सणाचं: जुन्या शहरातल्या गच्च्या, पिवळे कपडे, पतंग. मांजाने गळे कापले जातात म्हणून त्या पतंगांवर २००५ मध्येच बंदी आली होती, म्हणजे ते निघण्याच्याही आधी. आणि ज्या नोव्हेंबरात ते आमच्यासमोर बसले होते, त्याच महिन्यात लाहोरमध्ये धुरक्यामुळे शाळा बंद होत्या. आई फोनवर खोकत होती.

एप्रिलमध्ये ईद होऊन गेल्यावर तीन आठवडे, एकट्याने, भेटवस्तूंच्या बॅगा न घेता जायचं ठरलं. डिसेंबर-जानेवारीतल्या लग्नसराईत गेलं की सगळं गोडच दिसतं. कामं नेमून दिली: दोन नोकऱ्यांच्या मुलाखती, दोन शाळांची फी, घराचं वीजबिल स्वतः भरणं, आईला दवाखान्यात नेणं. पाकिस्तान कॅनडासोबत दुहेरी नागरिकत्व मानतं, त्यामुळे कागदांची अडचण नव्हती. आपल्या लोकांना वाटतं की भारताने दुहेरी नागरिकत्व दिलं असतं तर मनही सुटलं असतं. लाहोरकरांकडे दोन्ही पासपोर्ट होते.

एक नोकरी मिळत होती. पगारातून दोन मुलांची फी जाऊन घर जेमतेम चाललं असतं. पाचव्या दिवशी बँकेत रांग मोडणाऱ्यावर ते खेकसले, तर चुलतभाऊ म्हणाला, "आ गए कॅनडावाले." वहीत तेही लिहिलं होतं. धाकटा भाऊ विमानतळावर न्यायला आला होता. एजंटाकडचे निम्मे पैसे परत मिळाले होते.

जूनमध्ये पीएचक्यू-९ चे गुण ६ होते. मुलगा बारावी होईपर्यंत इथेच राहायचं असं पती-पत्नीने ठरवलं, आणि आईसाठी सुपर व्हिसाचा अर्ज भरायला घेतला. त्यावर आई-वडिलांना एका खेपेत पाच वर्षांपर्यंत राहता येतं. किमान एक लाख डॉलर्सचा आरोग्य विमा आणि मुलाच्या उत्पन्नाचा पुरावा लागतो. त्या पुराव्यात टॅक्सीचं उत्पन्न दाखवावं लागणार होतं. आईला अजून काही सांगितलेलं नाही. "ती आली की शनिवारी सकाळी मी कुठे जातो ते खिडकीतून बघेलच," लाहोरकर म्हणाले, आणि फोनमध्ये शुक्रवारची आठवण लावून ठेवली.