‘नाइस’ म्हणजे छान, मग ‘नाइस क्वेश्चन’ म्हणजे काय?

प्रश्न: मी लॉच्या दुसऱ्या वर्षाला आहे. एका जुन्या निकालात ‘अ नाइस क्वेश्चन ऑफ लॉ’ असं वाचलं, वहीत ‘कायद्याचा छान प्रश्न’ असं लिहून ठेवलं, तर सर म्हणाले चुकलं. नाइस म्हणजे छानच ना? – एक विद्यार्थिनी, सातारा

उत्तर: सरांचं बरोबर आहे, पण तुमची चूक अगदी कोणाचीही होईल अशी आहे, कारण आपण दिवसभर कुणाच्याही फोटोखाली ‘नाइस’ टाकत असतो आणि त्या शब्दाचं आधीचं आयुष्य आपल्याला कुणी सांगितलेलंच नसतं.

हा शब्द मूळचा लॅटिन. ‘नेस्कियुस’ म्हणजे ज्याला काही माहीत नाही तो, सरळ आपला ‘अज्ञ’. ‘ने’ म्हणजे नाही आणि ‘स्किरे’ म्हणजे जाणणं, याच स्किरेपासून सायन्स आलं. म्हणजे सायन्स आणि नाइस एकाच घरातले, एक जाणणारा आणि एक न जाणणारा! फ्रेंचमधून तो इंग्रजीत १३०० च्या आसपास आला तेव्हा त्याचा अर्थ होता मूर्ख, खुळा. तेव्हा कुणाला नाइस म्हटलं असतं तर त्याला राग आला असता.

मग खुळा वरून नखरेल, त्यावरून नाजूक, त्यावरून खाण्यापिण्यात कपड्यालत्त्यात फार चोखंदळ, आणि चोखंदळ माणूस बारीक फरक बघतो म्हणून सूक्ष्म, काटेकोर, असा तो सरकत गेला. डॉ. जॉन्सनच्या १७५५ च्या डिक्शनरीत नाइसचा पहिला अर्थ बारीकसारीक गोष्टीतही अचूक पारख करणारा असाच दिलाय. छान, आवडेलसा हा अर्थ १८ व्या शतकात रुळला आणि त्याने बाकीच्यांना बाजूला सारलं. ‘सिली’चं बरोबर उलट झालं, तो जुन्या इंग्रजीत धन्य, सुखी असा होता आणि आता खुळा झालाय.

हे ऐकून नवल वाटत असेल तर आपला ‘मस्त’ बघा. फारसीत मस्त म्हणजे दारू प्यायलेला, झिंगलेला. मराठीत तो आला आणि त्याची ती झिंग अजून ‘मस्तवाल’मध्ये, ‘मस्ती आलीय का’मध्ये, माजावर आलेल्या मस्त हत्तीमध्ये दिसते, पण सकाळी आई चहा पुढे करते, आपण एक घोट घेऊन ‘मस्त झालाय’ म्हणतो तेव्हा आपल्या मनात दारूचा थेंबही नसतो. मला हे शब्दांचं फार आवडतं, जुना अर्थ पूर्ण जात नाही, कुठेतरी कोपऱ्यात तसाच राहतो.

इंग्रजीत तो कोपरा म्हणजे कोर्ट. वकील आणि न्यायाधीश अजूनही ‘नाइस डिस्टिंक्शन’ म्हणतात ते सूक्ष्म भेद या अर्थाने, आणि ‘नाइसेटीज’ म्हणजे बारकावे. तेव्हा वहीतलं ‘छान’ खोडा आणि ‘कायद्याचा बारकाव्याचा प्रश्न’ लिहा, म्हणजे जिथे दोन्ही बाजू खऱ्या वाटतात आणि निकाल केसाएवढ्या फरकावर अडलेला असतो असा. ‘नाजूक प्रश्न’ मात्र लिहू नका, मराठीत ते ऐकलं की घरातलं भांडण किंवा कुणाच्या भावना दुखावणं असंच काहीतरी डोळ्यापुढे येतं.