खलनायक नव्हे, सपत्न!

अमेरिकेतील जुन्या मूक वेस्टर्न विनोदपटांत एकाच तरुणीच्या मागे लागलेल्या दोघांपैकी दुसऱ्या गड्याला मराठीत काय म्हणावे, आणि त्यांच्या आपटाआपटीसाठी ‘स्लॅपस्टिक’ हाच शब्द ठेवावा का, असे एका वाचकाने विचारले आहे. ठेवावा. इटालियन प्रहसनातील विदूषकाची, मार थोडा आणि आवाज फार करणारी जोडफळी त्या शब्दात आहे. ‘धांगडधिंगा’ म्हटले की ती निसटते.

दुसऱ्या गड्याला मात्र हल्ली सर्रास ‘खलनायक’ करून टाकतात, ते वाचून डोके फिरते. एसॅने या चित्रपट कंपनीच्या १९११ सालच्या ‘अल्कली आइक्स ऑटो’मध्ये बेटी ब्राउनसाठी आइक आणि मस्टँग पीट यांची चढाओढ लागते, तिच्यावर छाप पाडायला आइक मोटारगाडी मिळवतो आणि तीच त्याची फजिती करते. यात खल कोण? (पीट झालेले हॅरी टॉड आणि बेटी झालेल्या मार्गारेट जोस्लिन हे प्रत्यक्षात नवराबायको होते, हे आइकचे आणखी एक दुर्दैव!) ‘प्रतिस्पर्धी’ म्हणावे, तर त्याला निवडणुकीच्या अर्जाचा वास येतो.

शब्द आपल्याकडे आहे: सपत्न. गीतेच्या दुसऱ्या अध्यायात अर्जुन ‘असपत्न’, म्हणजे प्रतिस्पर्धी नसलेल्या, राज्याची गोष्ट करतो, तोच हा. एरवी पुल्लिंगी शब्दावरून स्त्रीलिंगी रूप साधतात; इथे गंगा उलटी वाहते. सपत्नी म्हणजे समान पती असलेली, अर्थात आपली सवत, आणि तिच्यावरून बेतलेला पुरुष तो सपत्न. दोन गड्यांचे वैर भाषेने सवतींच्या भांडणावरून जोखले, याहून नेमके प्रेमातल्या चढाओढीचे वर्णन कोणते? पाणिनीच्या व्याकरणावरील ‘काशिका’ या टीकेचे कर्ते मात्र या शब्दाला स्वतंत्र आणि अव्युत्पन्न, म्हणजे दुसऱ्या शब्दापासून न साधलेला, ठरवतात आणि सपत्नीवरून तो साधणाऱ्यांना ‘अपरे’ (दुसरे कोणी) म्हणून एका ओळीत वाटेला लावतात. सवत समोर उभी असताना शब्दाला अनाथ ठरवण्याचे हे पांडित्य मला मान्य नाही. मी त्या ‘अपरे’ मंडळींत आहे. ‘रायव्हल’च्या मुळाशी एकाच ओढ्याचे पाणी वापरणारे शेजारी आहेत, असे कौतुकाने सांगणाऱ्यांनीही सवतीपुढे ओढा किती कोमट वाटतो ते पाहावे.

‘खलनायक’ हवाच असेल, तर तो १९१८ च्या ‘आउट वेस्ट’मधील अल सेंट जॉनसाठी राखून ठेवावा. तो मुलीला खरोखरच छळतो, डोक्यावर बाटल्या फुटल्या तरी ढिम्म राहतो आणि शेवटी गुदगुल्यांना शरण जातो.