दारातून हाक

वहिनी माझ्याकडे सल्ल्यासाठी पहिल्यांदा आल्या त्या एकट्याच. (ओळख पटेल असं बरंच काही इथे बदललं आहे.) "ताई, कारगिल झालं १९९९ साली. त्यानंतरही ह्यांनी वीस वर्षं नोकरी केली, कधी तक्रार नाही. सुभेदार म्हणून निवृत्त होऊन घरी आले, तर हे आता कुठून उपटलं?"

हे म्हणजे रात्री ओरडून उठणं, लग्नसराईत सुतळी बॉम्ब वाजला की पलंगाआड बसणं, मुलावर खेकसणं. वहिनी त्यांना दारातूनच हाक मारून उठवतात. एकदा खांदा हलवला, तर झोपेतच त्यांनी मनगट धरलं. बांगड्या फुटल्या. पुढे दोन दिवस सुभेदारांनी नजर वर केली नाही.

महूची लष्करी छावणी जवळ, त्यामुळे इंदुरात हा प्रश्न मला नवा नाही. त्यामागची शंकाही नवी नाही: नाटक तर नाही ना? नाही. पलटणीत दिवस बांधलेला असतो, शेजारच्या खाटेवरच्यालाही तेच आठवत असतं आणि सतत सावध असणं हा तिथे गुणच. निवृत्तीबरोबर हे टेकू एकदम निघतात. पीटीएसडीची, म्हणजे भयंकर प्रसंगानंतर मनात राहिलेल्या आघाताची, लक्षणं कधी कधी अशी वर्षांनी डोकं वर काढतात.

तिसऱ्या खेपेला सुभेदार स्वतः आले. खुर्ची ओढून भिंतीला लावली, तोंड दाराकडे. "मॅडम, गोळा येताना शिट्टी ऐकू येते. फटाका न सांगता फुटतो." त्या दिवशी एवढंच बोलले.

घरच्यांनी मायेपोटी लग्नं, रंगपंचमीची गेर (रंगांची मिरवणूक), राजवाड्याकडे जाणं, सगळं बंद केलं होतं. इथे मी जरा कडक झाले. टाळलं की तेवढ्यापुरतं बरं वाटतं, भीती मात्र मुरत जाते. रात्रीच्या रमचंही तेच. झोप लवकर लागते आणि मध्येच मोडते. ईसीएचएस या माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेमार्फत त्यांना मानसोपचारतज्ज्ञांकडे पाठवलं. रणांगणावरच्या आठवणी उकलणं हे त्यातल्या प्रशिक्षित माणसाचं काम. "एकदा सगळं बोलून टाका" असं घरच्यांनी मागे लागू नये. जगणं नकोसं झाल्याची भाषा आली, तर मात्र पुढच्या भेटीची वाट न पाहता डॉक्टरांना गाठा किंवा टेलि-मानस या सरकारी मदतवाहिनीला १४४१६ वर फोन लावा.

यंदा एका लग्नात ते जेवणापर्यंत थांबले. फटाका लावायच्या आधी भाच्याने शिट्टी मारायची, असं मामा-भाच्याचं ठरलं होतं. पोराने दोनदा मारली, तिसऱ्यांदा नाचण्याच्या नादात विसरला. मामा बाहेर जाऊन दहा मिनिटं उभे राहिले आणि परत आले.

वहिनी अजून दारातूनच हाक मारतात. ते बदला असं मी म्हटलेलं नाही.