शाळेत गुणी, घरी नाटकं?

"मॅडम, शाळेत बाई म्हणतात एकदम गुणी पोरगी, आणि घरात पाऊल टाकलं की हिचं सुरू, तेच ते वाक्य पन्नास वेळा, मग रडारड. सासूबाई म्हणतात लाड झालेत. ही नाटकं करते का हो?"

हे असं महिन्यातून एकदा तरी कुणीतरी विचारतंच, आई वेगळी, मूल वेगळं, प्रश्न तोच. म्हणून एक केस सांगते, आईला विचारूनच, आणि ओळख पटेल असं सगळं बदलून.

मुलीला मनू म्हणू. 13 वर्षांची, आठवीत, ऑटिझमचं (स्वमग्नतेचं) निदान सहाव्या वर्षीच झालेलं. तिचं वाक्य मुंबई मेट्रोतलं, "पुढील स्टेशन साकी नाका, दरवाजे डावीकडे उघडतील", आणि ते पण अगदी त्या अनाउन्समेंटच्या सुरात, डोळे मिटून ऐकलं तर आपण डब्यात उभे आहोत असं वाटावं.

आधी माझी चूक सांगून टाकते. मनू सात वर्षांची असताना थेरपीसाठी माझ्याकडेच यायची. मी नवीन होते, असलं बोलणं बंद करायचं एवढंच डोक्यात, म्हणून आईला एक चार्ट दिला, मेट्रो न बोलता तासिका काढली की एक स्टार, दहा स्टार झाले की कुल्फी. सहा महिन्यांत मेट्रो बंद! शाळा खूश, घरचे खूश, मी तर भलतीच खूश, त्या केसबद्दल मी चार लोकांना कौतुकाने सांगितलं पण होतं. आता आठवलं की लाज वाटते.

आठवीत मुलींचे ग्रुप झाले, वर्गात गोंगाट वाढला आणि मेट्रो परत आली, पण फक्त घरी. यावेळी मी आईला वेगळं विचारलं, हे वाक्य ती पहिल्यांदा कधी बोलली? आई विचार करून म्हणाली, पाच वर्षांची असताना पहिल्यांदा मेट्रोत बसलो, ही गर्दी, पोरीने भोकाड पसरलेलं, तेवढ्यात अनाउन्समेंट झाली आणि सांगितलं त्याच बाजूचा दरवाजा उघडला, तशी ही गप्प. म्हणजे मनूच्या भाषेत त्या वाक्याचा अर्थ "पुढे काय होणारे ते मला सांगा". आणि मी तिला ते विचारू नको म्हणून कुल्फी देत होते.

हे काही आजचं ज्ञान नाहीये बरं का. ऑटिझमवर 1943 साली पहिला मोठा लेख लिहिणाऱ्या लिओ कॅनरनेच 1946 मध्ये एका मुलाची गोष्ट लिहिलीय. तो मुलगा काहीही फेकायची हुक्की आली की "कुत्रा बाल्कनीतून फेकू नकोस" म्हणायचा, जवळ ना कुत्रा ना बाल्कनी. पूर्वी कधीतरी तो खेळण्यातला कुत्रा खाली फेकत होता तेव्हा आई तसं ओरडलेली, एवढाच संबंध. पुढे 1984 मध्ये प्रिझंट आणि रायडेल या अभ्यासकांनी अशा, ऐकल्यावर बऱ्याच काळाने उमटणाऱ्या वाक्यांचे 14 वेगवेगळे उपयोग नोंदवले, मागणी करणं, नकार देणं, माहिती देणं, स्वतःला सूचना देणं वगैरे. एवढं सगळं असताना आम्ही स्टार वाटत बसलो होतो.

आता शाळेतल्या 'गुणी'पणाचं. मनूने एकदा न सांगताच वही माझ्यापुढे सरकवली. शेवटच्या पानावर पेन्सिलीने लिहिलेलं, 'सगळ्या हसल्या की हसायचं, पण सगळ्यात आधी थांबायचं. डबा उघडला की म्हणायचं वॉव काय आणलंय. बाई बोलताना टिकलीकडे बघायचं, त्यांना डोळ्यात बघतेय असं वाटतं.' मी ती टिकलीची ओळ दोनदा वाचली, कारण इतकी वर्षं ती माझ्याही टिकलीकडेच बघत होती हे मला तेव्हा कळलं. याला मास्किंग म्हणतात, म्हणजे आपलं वेगळेपण लपवून इतरांसारखं वागणं. सहा तास हे सांभाळणं म्हणजे परक्या भाषेत सहा तास तोंडी परीक्षा देणं, मग घरी आल्यावर सगळं बाहेर पडणारच. नाटक असेलच तर ते शाळेत चालू होतं, घरी ती फक्त मेकअप उतरवत होती. मनूच्या आजीला हे मी याच शब्दांत सांगितलं, त्या काही बोलल्या नाहीत, पण पुढच्या वेळी स्वतःहून सोबत आल्या.

मग केलं ते असं फार ग्रेट काही नाही. घरी आल्यावर अर्धा तास कुणी प्रश्न विचारायचा नाही, "डबा संपवला का" हा पण नाही (आईला हेच सगळ्यात जड गेलं). पडदे ओढलेले, पंखा चालू, मेट्रो कितीही वेळा चालेल. फळ्यावर उद्याचं वेळापत्रक, काही बदल असेल तर लाल खडूने. शाळेत वर्गशिक्षिकेला बोलावून सगळं सांगितलं, मधल्या सुट्टीत लायब्ररीत बसायची परवानगी मिळाली, तीही दोन-तीन चकरा मारल्यावर. रडणं कमी झालंय, थांबलेलं नाहीये, परीक्षेच्या आठवड्यात तर अजूनही वाईट असतं. वडलांना मात्र अजून वाटतं की बोलायचं बंद व्हायला हवं, त्यांच्याशी बोलणं चालू आहे.

गेल्या आठवड्यात आईचा व्हॉइस मेसेज आला. मनू दप्तर टाकून म्हणाली, पुढील स्टेशन साकी नाका. आईने अर्धा तास जाऊ दिला, मग विचारलं, उद्या काय बदललंय का गं? तर म्हणे पीटीचे नवीन सर येणारेत. आई म्हणाली, मग दरवाजे कुठल्या बाजूला उघडतील? मनू म्हणाली, "ते सर आल्यावर कळेल."