आधी पावतीपुस्तक शोध

प्रिय मित्रा,

मुंबईच्या गिरणी कामगार चळवळीवर लिहायचं ठरवलंस आणि सुरुवात पुढाऱ्यांच्या चरित्रांपासून करणार आहेस. चरित्रं वाच, पण आधी पावतीपुस्तक शोध. कुठलीही संघटना समोर आली की तीन गोष्टी विचार. सभासदांची यादी होती का? वर्गणी कोण, कुठे गोळा करत असे? आणि मालकाशी करार करायचा हक्क कायद्यानं कुणाकडे होता?

नारायण मेघाजी लोखंडे यांची १८८४ ची ‘बॉम्बे मिल हॅण्ड्स असोसिएशन’ घे. भारतातली पहिली कामगार संघटना म्हणून तिचं नाव सगळीकडे येतं. पण १८९२ च्या कारखाने अहवालात स्पष्ट नोंद आहे की तिला ना सभासदांची यादी, ना निधी, ना नियम. नवखा अभ्यासक इथेच घसरतो. १८८४ च्या कामगारांच्या मागण्यांच्या अर्जावर साडेपाच हजार सह्या होत्या, त्या तो सभासद म्हणून मोजून टाकतो. सही ही सहीच धर. मात्र म्हणून लोखंड्यांना कमीही लेखू नकोस. सभा, अर्ज आणि ‘दीनबंधू’ हे वृत्तपत्र एवढ्या भांडवलावर १० जून १८९० ला मालकांच्या संघाकडून रविवारची सुट्टी पदरात पडली.

१९२८ च्या संपावर सगळ्यात जास्त वेळ घालव. एप्रिल ते ऑक्टोबर, जवळजवळ सहा महिने, दीड लाखाच्या घरात कामगार बाहेर होते. कारण ‘पगारकपात’ एवढं लिहून पुढे जाऊ नकोस. खात्यात शिरून बघ. साळखात्यात, म्हणजे विणकाम खात्यात, दोनऐवजी तीन माग सांभाळायचे, कताईत यंत्राच्या एका बाजूऐवजी दोन बाजू. माणशी काम वाढलं की माणसं कमी होणार, हे कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. प्रत्येक गिरणीत गिरणी समित्या उभ्या राहिल्या आणि गिरणी कामगार युनियनचे सभासद वर्षअखेर सुमारे ५४ हजारांवर गेले. मार्च १९२९ मध्ये मीरत खटल्यासाठी, म्हणजे कम्युनिस्टांवरच्या कटाच्या खटल्यासाठी, पुढारी पकडले गेले, त्या वर्षीचा संप फसला आणि ही संख्या झपाट्यानं कोसळली. तेव्हा सभासदसंख्या कधीही महिना-वर्षाशिवाय लिहू नकोस.

यादी मिळाली की ती खातेनिहाय पाड. मागावरची सुताची कांडी संपली की नव्या कांडीचा धागा धोट्याच्या (आडवा धागा नेणाऱ्या नळीच्या) भोकातून तोंडानं ओढून घ्यावा लागे. एकच धोटा अनेकांच्या तोंडाला लागणार म्हणून अस्पृश्य कामगारांना साळखात्यात घेत नसत, आणि चांगला पगार तिथेच. डॉ. आंबेडकरांनी हा प्रश्न याच काळात युनियनपुढे ठेवला होता. ‘कामगारांची एकजूट’ असं सरसकट लिहिण्याआधी एवढं तपासून घे.

पगाराची तारीखही बघ. तेव्हा महिना संपल्यावर दहा-पंधरा दिवसांनी पगार होई. काम सोडून बाहेर पडणाऱ्याचे केलेल्या दिवसांचे पैसे मालकाकडे अडकलेले असत. संप कधी सुरू झाला आणि पहिला फाका कधी पडला, हे वेगवेगळं मांड. उधारीवर जेवू घालणारी खानावळ आणि गावाकडची शेती यांच्याशिवाय सहा महिन्यांचा हिशेब जुळत नाही.

१९८२ च्या संपाकडे वळण्याआधी १९४६ चा मुंबई औद्योगिक संबंध कायदा वाच. भाषा रुक्ष आहे, पण याला पर्याय नाही. पंचवीस टक्के सभासद दाखवले की ‘प्रातिनिधिक युनियन’चा दर्जा, आणि वाटाघाटी तिच्याशीच. मान्य युनियनला पगाराच्या जागीच वर्गणी गोळा करायची मुभा. गुप्त मतदान मात्र नाही. म्हणून १८ जानेवारी १९८२ ला सुमारे अडीच लाख कामगार कामगार पुढारी दत्ता सामंतांच्या मागे बाहेर पडले, तरी कागदोपत्री राष्ट्रीय मिल मजदूर संघ ही प्रातिनिधिक युनियनच त्यांची प्रतिनिधी राहिली आणि संप बेकायदा ठरला. हा कायदा रद्द करा ही मागणीही पगारवाढीइतकीच जोरात होती. नेमकी तीच बऱ्याच लेखांतून गळते. आणखी एक : हा संप रीतसर मागे घेतला गेलाच नाही, त्यामुळे ‘संपाचा शेवटचा दिवस’ शोधत बसू नकोस. गिरणीगणिक कामावर परतल्याच्या तारखा जमव.

मुलाखतीत ‘संप का फसला?’ हा प्रश्न शेवटी ठेव. आधी खातं, पाळी, किती माग, कायम की बदली, हे विचार. बदलीवाल्याला रोज दारावर जाऊन काम मिळतंय का बघावं लागे. त्याचं गाऱ्हाणं कायम कामगारापेक्षा वेगळं होतं. जुनी पगाराची चिठ्ठी असेल तर दाखवायला सांग. कागद हातात आला की आकडे आपोआप दुरुस्त होतात.

सरकारी ‘लेबर गॅझेट’ १९२१ पासून निघत होतं. एप्रिल ते ऑक्टोबर १९२८ चे अंक काढून एका कागदावर चार रकाने आख : तारीख, गिरणी, खातं, कारण. तो तक्ता भरून पाठव, मग पुढचं बोलू.

तुझा,
एक जुना वाचक